प्रॉम्प्टर

व्यंकट मानवतकर मंगळवारी पुन्हा मेला,
साडेआठच्या मालिकेत, जिन्यावरून पडून.
ही अकरावी वेळ.
आधी न्यायाधीश, डॉक्टर, नवरीचा बाप,
मग भिंतीवर हार घातलेला फोटो.
फोटोचे पैसे रोज मिळतात, म्हणाला होता,
प्रेताचे एकदाच.

सेलूत जिनिंगच्या गोदामात तालमी चालायच्या.
रुई त्याच्या मिशीत, माझ्या वहीवर.
तो राजा. मी विंगेत, कंदिलाशी उकिडवा,
त्याच्या अर्धा श्वास पुढं.

औरंगाबादच्या स्पर्धेत, तिसऱ्या अंकात,
तो थांबला.
मी ओळ दिली. पुन्हा दिली.
घेतलीच नाही त्यानं.
मागं कुणीतरी खोकलं, तेवढंच.
त्या थांबण्यावर त्याला रौप्यपदक.
परतताना एस्टीत विचारलं, "इसरला होतास का रे?"
त्यानं शेंगा सोलून माझ्या तळहातावर ठेवल्या.

परवा फोनवर आवाज बारीक झालेला.
"नवं काही डोक्यात ऱ्हात नाही बघ.
कानात यंत्र बसवतेत,
एक पोरगी सांगती तिकडून.
चांगली हाय. पण श्वास मोजत नाही."

मंगळवारी जिन्याच्या वरच्या पायरीवर
तो जरा जास्तच थांबला.
ताट माझ्या मांडीवर, घास हातात,
तोंडातून निघून गेली
ती तिसऱ्या अंकातली ओळ.
त्यानं मान किंचित वळवली,
विंग असते त्या बाजूला.
मग पडला.

"मामा, काय म्हणलात?" सून आतून.
काही नाही.
वरण वाढ थोडं.