पाचपैकी

लातूरच्या कॉलेजातली पोरगी फॉर्म घेऊन आली.
जीवनाचा दर्जा, म्हणाली. पाचपैकी किती?

मी ब्लाउजला हूक लावत होते.
मामंजींची रबरी चादर तारेवर वाळत होती,
हवेच्या गादीचा पंप घुरघुरत होता;
लाईट गेली की तोही मान टाकतो.

झोप? दोन लिही.
बाहेर जाणं? औषधाचं दुकान धरायचं का त्यात?
पाठीचं विचारूच नको, पुढं चल.

बोलायला कुणी आहे का?

मामंजी टेलिफोन खात्यात लाईनमन होते.
औसा ते निलंगा, एकेक खांब तोंडपाठ.
झटक्यानं सगळे शब्द नेले,
एकच ठेवला.
रात्री अडीचला अंधारातून येतो: हॅलो?
कूस बदलायची असते, नाहीतर पाणी,
कधी कधी काहीच नसतं.
मी आपली म्हणते, बोला, लाईन चालू आहे.
ते ऐकत राहतात.
मग मीच सांगत बसते,
काज-बटणाचे किती मिळाले, नळ परवा येणार,
चंद्रकला वन्सं फोनवर रडल्या,
आल्या मात्र नाहीत.

पोरगी पेन धरून तशीच.
म्हटलं, इथं रिकामंच ठेव.
चहा घे आधी, निवतोय.