गिरणीवाला

तोरुनमध्ये, बेकरीच्या वरच्या खोलीत
लुत्सिना सीडीवर हलकेच फुंकर घालते
आणि चष्म्याच्या फडक्याने पुसते,
आतून बाहेर, सरळ. गोल नाही.
हे कळेपर्यंत तीन सीड्या वाया गेल्या.

नवा संगणक हा वेढ्याचा खेळ उघडतो खरा,
पण अशा घाईने, की
पेरणी, कापणी, उपासमार
सगळं एका जांभईत उरकतं.
मी माउसला हात लावेपर्यंत
शिबंदी गारद, बुरूज शत्रूचा.
जुन्या यंत्राला धाप लागायची,
तिच्याच तालावर हे गाव जगत होतं.
आताच्या यंत्राला दमच लागत नाही.

म्हणून पाच आठवडे ती
त्याला हळू चालायला शिकवते आहे.
बुधवारी रात्री जमलं.
दिंडी दरवाजातून बैलगाडी
बैलगाडीसारखी आली.

आणि तो दिसला. गिरणीवाला.
खांद्यावर पिठाचं पोतं,
खंदकापलीकडच्या भिंतीशी तोंड करून
चालतोय, चालतोय,
एक पाऊल पुढे नाही.
शाळेत असताना आम्ही त्याला उपार्ती म्हणायचो,
म्हणजे हट्टी. बर्फ पडायचं त्याच्यावर,
तरी पाय चालूच.

लुत्सिनाने चूक हुडकली:
वजाच्या जागी अधिक, बस.
ती बदलली, आणि उपार्ती
भिंतीला वळसा घालून घरी गेला.
धुराडं पेटलं. आम्ही टाळ्या वाजवल्या.
खालून झेनोनने झाडूचा दांडा छताला ठोकला,
त्याला पहाटे तीनला उठायचं असतं.

त्या हिवाळ्यात कोठार भरून वाहिलं.
कोणी मेलं नाही.
वेढा घालणारे कंटाळून निघून गेले,
पडद्यावर विजयाचा झेंडा,
आणि आम्ही दोघं
पाव संपलेल्या ताटलीकडे बघत बसलो.
म्हणजे लहानपणी इतक्या रात्री जागून
ज्या दुष्काळाशी झुंजलो
तो या एका पोत्याचा होता.

लुत्सिना काही बोलली नाही.
दोन प्रती केल्या तिने,
एकीवर तारीख लिहिली,
दुसरीवर काय लिहावं सुचेना.
पेनचं टोपण चावत राहिली.

तीन वाजता मी जिना उतरलो.
खालच्या अरुंद दारात झेनोन,
खांद्यावर पिठाचं पोतं,
मी समोर, म्हणून थांबलेला.
मी भिंतीला चिकटून
त्याला वाट दिली.