आठवी रेघ

स्त्रांदीरच्या किनाऱ्यावर झाड उगवत नाही.
लाकूड येतं समुद्रातून,
सायबेरियातल्या कुठल्याशा नदीने सोडून दिलेलं,
वर्षानुवर्षं बर्फात अडकलेलं, मिठात मुरलेलं.
तसल्याच एका फळीवर बाबांनी मला ती खूण शिकवली.
मी सात वर्षांची. पुढचे दोन दात पडलेले.

एका ठिपक्यातून आठ रेघा.
सातांच्या टोकांना काटे, चंद्रकोरी,
गळासारखे वाक.
आठवी नुसतीच. आखूड. जराशी तिरकी.
"ही कुठे जाते?"
"आधी सात नीट काढ," ते म्हणाले,
आणि तापमान बघायला बाहेर गेले.

दर तीन तासांनी जायचे.
एकोणचाळीस वर्षं.
वारा, ढग, लाटांची उंची,
मग रेडिओवरून राजधानीला आकडे,
मध्यरात्रीसुद्धा, आई गेली त्या रात्रीसुद्धा:
उत्तर-वायव्य, सहा, हिमवर्षाव, दृश्यता शून्य.
वहीच्या समासात कुठे कुठे ती खूण आहे.
मला वाटायचं, झोप घालवायला काढत असतील.

आता ते हेरिंगच्या हंगामात असतात.
घाटावर पिंपं, मुलींच्या हातांवर खवले,
कुणी आउस्लाइग नावाची बाई, जिच्याबद्दल आईला
कधीच कळलं नाही, मला आता रोज कळतं.
मला ते पगार मागतात.
डॉक्टरकडे या आजाराला लांबलचक नाव आहे.
मी त्याला चकवा म्हणते:
ओळखीच्याच वाटेवर माणूस फिरत राहतो,
घराचा दिवा दिसतो, घर येत नाही.

परवा फळी सापडली. शार्कचं मांस वाळवायच्या छपरीत,
खिळ्यांच्या डब्याखाली.
मागच्या बाजूला त्यांचं अक्षर:
जायला खूण लागत नाही, हालबेरा.
जायला काय, कुणीही जातं,
रडत, झोपेत, कॉफी ओतता ओतता.
खूण परत येण्यासाठी.
सात रेघा वाट मोजायला. आठवी, आत्ताची.
ती आखूड, कारण तिथे उभं राहायला जागा फार नाही.

माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही.
मी सहकारी दुकानात हिशेब बघते.
तरी बोट माशाच्या तेलात बुडवलं,
त्यांच्या कपाळावर ठिपका ठेवला,
सात काढल्या. सुरकुत्यांत तेल वाकडंतिकडं पळालं.
कपाळावर लिहिलेलं पुसत नाही म्हणतात.
हे तर उशीनेही पुसलं असतं.
श्वास धरून आठवी ओढली, भुवईपर्यंत.

बराच वेळ काही नाही.
खिडकीत कुरव पक्षी किंचाळत राहिले.
मग त्यांनी डोळे उघडले,
आणि डोळ्यांत घाट नव्हता, पिंपं नव्हती.
"किती वाजले?"
"नऊ."
"वारा?"
"ईशान्य. चार. पाच असेल."
"असेल म्हणजे काय," ते खेकसले,
"बाहेर जाऊन बघ."

मी धावले. मोज्यांनीच,
ओल्या दगडांवरून, बंद पडलेल्या केंद्रापाशी.
वाऱ्याकडे तोंड करून उभी राहिले,
कान दुखेपर्यंत.
पाच. नक्की पाच. लाटांवर पांढरं.
परतले तेव्हा ते पगार मागत होते.

मी कॉफी टाकली.
वही काढली, तारीख घातली,
ईशान्य, पाच, अंशतः ढगाळ,
आणि समासात एकेक रेघ काढत गेले.
मग आरशात बघून स्वतःच्या कपाळावरही.
कारण दारापासून अंथरुणापर्यंतच्या त्या चार पावलांत
मी सात वर्षांची झाले होते,
दात पडलेली, फळी हातात,
आणि ते आत्ता बाहेरून येतील म्हणून
दाराकडे बघत.