जुडगा

ओशिवऱ्याच्या एका तळघरात माझं आवाजांचं दुकान आहे.
मक्याच्या पिठावर चाललो की बर्फ,
कोबीचा दांडा मोडला की हाड.
पडद्यावरची माणसं माझ्याकडे मुकीच येतात.

सुहिता तांडेल आली ती अकरा मिनिटं घेऊन.
अकरा मिनिटांत एकच जिना,
तोही उलटा चालवलेला:
धूर खाली उतरतो, खिडकीत परत शिरतो,
काच जमिनीवरून उठून चौकटीत बसते,
सात वर्षांची मुलगी मागं मागं पावलं टाकत
जेवणाचा डबा घरी घेऊन जाते.
"चेहरे नाहीत कुणाचे?"
"आठवत नाहीत. कुलूप आठवतं."

साकीनाका. टिकल्यांची पाकिटं भरायचा कारखाना,
दुसरा मजला, रात्रपाळी.
बायका आत, कुलूप बाहेर.
माल चोरीला जाऊ नये म्हणून.

मी कुलपं मांडली. पितळी, अलिगढी, सात लिव्हरचं,
एक सासऱ्यांच्या ट्रंकेचं, गंजलेलं.
हे नाही. हे हलकं. हे फारच नवं.
सोळाव्या कुलपानंतर चहा प्यायला म्हणून गेली
ती अर्धा तास आली नाही.

आल्यावर उभ्यानंच म्हणाली,
दादा, चुकलं माझं.
कुलूप वाजलंच नव्हतं.
जुडगा वाजत होता.
वॉचमन एकेक किल्ली लावून बघत होता
आणि मी मोजत होते,
बाईंनी शिकवलं होतं तसं, मोठ्यानं.

किती झाल्या, ते मी विचारलं नाही.

माझ्या घराचा जुडगा खिशातच होता,
चार किल्ल्या, त्यातली एक देवाच्या कपाटाची.
माईकपाशी धरला.
हात कापला, तेही आत गेलं.
दुसरा टेक नको म्हणाली.

शेवटच्या मिनिटाला पडदा काळा आहे.
तिथं तिला रिकाम्या खोलीचा असतो
तेवढाच आवाज हवा होता,
आणि खोलीही तीच.
तिथं आता जिम आहे. मालक भला,
पंखे, टीव्ही, सगळं बंद केलं त्यानं.
तीस सेकंद कुणी हललं नाही.
सुहिताचे ओठ तेवढे हलत होते.

माझं म्हणाल तर
हल्ली लिफ्टमध्येच किल्ली काढून ठेवतो हातात.
बायको म्हणते, मी घरातच असते की,
बेल वाजव.