गीत क्रमांक एकशे बारा

नव्या गायनपुस्तकाची प्रूफं आली आहेत
आणि एकशे बाराव्या गीताखाली
छापखान्यानं पुन्हा तेच छापलंय:
कवी, अज्ञात. चाल, देशी.

समितीनं विचारलं म्हणून सांगतो.
(समिती म्हणजे आम्ही पाचजण,
त्यातल्या दोघांना ऐकू येत नाही.)

जालन्यात, मिशनच्या दवाखान्यात,
बाळंतिणींच्या खोलीवर आया होती
सालोमी मगरे.
गाव परतूरकडचं. सही म्हणजे अंगठा.
त्या डिसेंबरात कुंडलिकेवर सकाळी वाफ दिसायची.
घनसावंगीहून बैलगाडीत घालून आणलेली एक बाई
लेकरू मागं ठेवून गेली.
बाप वऱ्हांड्यात उकिडवा,
नाव काय ठेवू, म्हणून येणाऱ्याजाणाऱ्याला विचारत होता.
शेजारच्या खाटेला सलाईन चालू,
काचेची उलटी बाटली, रबराची नळी.
कंदिलातलं तेल संपलं,
तव्हा सालोमीनं लेकरू मांडीवर घेतलं,
आगपेटीची एकेक काडी ओढत
जात्यावरची चाल धरली:

    थेंब थेंब पडं, रात पुढं सरं,
    काडीच्या उजेडात नीज माझ्या लेकरा

पाळकसाहेब दर नाताळात समजावून सांगतात,
थेंब म्हणजे स्वर्गातलं दंव.
मी मान हलवतो.
मागच्या आवृत्तीत ‘काडी’ खोडून ‘तारा’ झाला,
‘पडं’चं ‘पडे’ झालं, ‘सरं’चं ‘सरे’,
आणि लेकरू बालक झालं.
बालकाला थंडी वाजत नाही बहुतेक,
कारण पुढच्या ओळीतली गोधडीही काढलीय.

दुसरं कडवं तिचं नाही.
ते आधी चांदपाशाच्या क्लॅरोनेटमधून निघालं.
नाताळच्या आदल्या रात्री आमची फेरी
घरोघर फिरायची, बँड त्याचा.
शनिमंदिराच्या चढावर
ओळ संपली, त्याचा श्वास संपेना,
म्हणून त्यानं सूर उचलून वर नेला
आणि तिथंच धरून ठेवला.
आता तिथं शब्द नकोत का?
ते देवदान कंपाउंडरनं
पुडीच्या कागदावर लिहिले.
कागदाच्या दुसऱ्या बाजूला, ‘जेवणानंतर दोनदा’.

तिसऱ्या कडव्याचे दावेदार चार,
त्यातले तिघं माझे चुलते.

डॉक्टरीणबाईंनी चाल पाच रेघांवर टिपून
त्यांच्या देशाला नेली.
बऱ्याच वर्षांनी पत्र आलं,
तिथल्या चर्चातली मुलं हे गातात म्हणे,
त्यांच्या भाषेत, बर्फात,
पुस्तकात खाली नाव बाईंचं, ‘संग्राहक’ म्हणून.
सालोमीला पत्र वाचून दाखवलं.
ती दाराशी तांदूळ निवडत होती.
म्हणाली, ‘त्यांच्याकडं बी तेल संपतंय का?’

जालना, सोन्याचा पाळणा, म्हणतात.
सोनं ज्या पेढीवाल्यांचं होतं त्यांचं.
पाळणा तिचा.

आणि ते लेकरू?
सातव्या दिवशी बापानं गाडीतून नेलं,
कडब्यावर पटकूर अंथरून.
नाव ठेवलं का नाही, माहीत नाही.
असलाच तर सत्तरीचा असेल,
मोसंबीच्या बागेला पाणी सोडत असेल,
आणि हे गीत त्यानं ऐकलेलं नसेल.

मी पेन्सिलीनं ‘अज्ञात’वर काट मारून लिहिलं:
सालोमी मगरे, चांदपाशा, देवदान,
चुलते, पुढं जातं,
जात्यावर तिच्या आधी बसलेल्या बाया…
तिथं समास संपला.

छापखानेवाले फोनवर म्हणतात,
एका ओळीत बसवा काका,
न्हाई तर अज्ञातच राहू द्या, गुरुवारी मशीन लागतंय.
म्हटलं, अर्धा तास थांबा.

बसलोय मग खिडकीशी, चष्मा पुसून,
अक्षरं मोजत,
एक पडलं की पुढच्याची वाट बघत.