एकतीस कट्टे, वर बारा

हुक्केरी सर म्हणाले, कुठलंही गाणं घ्या,
त्याचा प्रोग्राम करा.
कडवं म्हणजे लूप.
ध्रुवपद म्हणजे फंक्शन: एकदा लिहायचं,
लागेल तेव्हा हाक मारायची.

निपाणीच्या आमच्या लॅबमध्ये मशिनं बारा, चालू सात.
पोरांनी सिनेमातली गाणी घेतली.
मी आईचं घेतलं,
मांडीवर सूप घेऊन ती म्हणते ते,
गाणं म्हणून नव्हे, मोजणी चुकू नये म्हणून:

पान भिजलं, पान कातरलं, दोरा फिरला गं,
एक झाली, पुढची घे, दिवस सरला गं.

एकपासून हजारापर्यंत.
पंचवीसनं भागून बाकी शून्य आली
की एक कट्टा, नवी ओळ.
(आईची बाकी शून्य कधी येत नाही,
विचारा कोपऱ्यावरच्या किराणावाल्याला.)

रन केलं. काळ्या पडद्यावर
नुसती प्रश्नचिन्हं, ओळीच्या ओळी.
मशिनला मराठी येईना.
शेजारी गंगव्वानं तिच्या मावशीचं कानडी गाणं घातलं होतं.
तिचीपण प्रश्नचिन्हंच.
मोजून बघितली, माझ्यापेक्षा चार जास्त.
लई हसलो.
मग दोघींनी इंग्रजी अक्षरांत लिहिलं.

माझ्यात एक गोम होती.
आई विड्या मराठीत मोजते, कट्टे कानडीत:
वंदु, येरडु, मूरु,
कारण कट्टे घेणारा शिद्राम
त्याच भाषेत कमी सांगतो.
म्हणून लूपच्या आत लूप,
आतला एका भाषेत, बाहेरचा दुसऱ्या.
सरांनी विचारलं, हे असं का?
म्हटलं, घरात असंच चालतं.

गंगव्वाच्या भावाचा लॅपटॉप घरी आणला,
आईला दाखवलं.
पापणी लवायच्या आत हजार.
'झाल्या?'
झाल्या की.
आईनं सूप बाजूला ठेवलं नाही.
'आणि दोरा कोण बांधला?'

रात्री घड्याळ घेऊन तिच्यासमोर बसले.
एका विडीला बत्तीस सेकंद,
खोकला धरला नाही.
प्रत्येक ओळीनंतर तेवढं थांब, असं लिहिलं.

सोमवारी दहाला चालू केलं.
पोरांची गाणी चहाच्या आत संपली.
माझं एकेक ओळ टाकत बसलं.
दुपारी सर दोनदा येऊन बघून गेले,
काही बोलले नाहीत.
पाचला शिपाई किल्ली वाजवत आला,
मेन स्विच खाली केला.

मूवत्तोंदु कट्टे, वर बारा.

घरी आले तेव्हा
आई दिव्याखाली सरकली होती.