सतरा नंबर

जूनमध्ये आम्ही फक्त विहिरीपर्यंत जायचो.
विहिरीच्या काठाला हात लावायचा, परत.

आचऱ्याच्या खाडीत माझी होडी.
लोक उतारू म्हणून बसायचे, सल्ला देऊन उतरायचे:
"दोन रट्टे घाल, सरळ जायत शाळेक."
"मालवणाक डॉक्टराक दाखयलंस काय रे?"
दाखवलं होतं. कुडाळला, मग कोल्हापूरला.
ऑटिझम लिहिलेला तो कागद प्लास्टिकच्या पिशवीत,
होडीच्या लायसन्सजवळ.

जुलैत चिंचेपर्यंत.
युनिफॉर्मच्या मानेवरचं लेबल तिच्या आईने ब्लेडने काढलं,
शिवण टोचू नये म्हणून मोजे उलटे घातले.
शाळेची घंटा म्हणजे टांगलेला रुळाचा तुकडा.
खोबरेकर बाईंनी त्याच्या दांड्याला
सायकलची जुनी ट्यूब गुंडाळली.
आता घंटा खोकल्यासारखी वाजते.
बाकीच्या पोरांना त्याचीच मजा.

ऑगस्टमध्ये व्हरांड्याची पहिली पायरी.
मग झेंड्याच्या तयारीसाठी कुणीतरी लाऊडस्पीकर आणला
आणि दुर्वा तिथेच खाली बसली,
कान दाबून, स्वतःच्या मनगटाला चावत.
तिला उचलून होडीत आणलं.
मध्यावर वल्हं आत घेऊन तासभर बसलो.
भरती आम्हाला वर वर ढकलत होती,
ढकलू दिलं.

पुन्हा विहीर.

काल रविवार. सांगूनही तिला पटेना,
दप्तर अडकवून उंबऱ्यात उभी.
बाईंच्या घरून किल्ली आणली.
रिकाम्या शाळेत खडूचा वास,
आणि शनिवारी सांडलेल्या आमटीचा.
एकेका खांबाला बोट लावत दुर्वा चढली
आणि दाराशी थांबलीच नाही.
खिडकीखालच्या बाकावर बसली,
बाईंच्या आवाजात, बाईंच्या खाकरण्यासकट
हजेरी घेऊ लागली.
एक, आचरेकर श्रेयांक.
दोन, आडारकर मिताली.
म्हणजे चिंचेखाली, पायरीवर, इतके दिवस
ती हे ऐकत होती.
मला वाटायचं, मुंग्या बघते.

सोळा, पराडकर गौतमी.
सतरा.
इथे तिने नाव घेतलं नाही. नुसती जागा सोडली.
जिभेवर आलेला "हजर" मी गिळला,
तो माझा नव्हता.
बाहेर ओहोटी लागलेली,
होडी चिखलात रुतणार हे खिडकीतून दिसत होतं.
रुतू दे.

बराच वेळ गेला.
मग ती म्हणाली, अठरा.